आतली रजा

सातारा
३ फेब्रुवारी २०२६

चि. शौनक,
आशीर्वाद.

टर्रर्रर्र! आज सकाळी चहा घेताना एकाएकी तो आवाज आठवला. शाळा सुटली की शेजारच्या तात्यांच्या पन्हाळी पत्र्याच्या कुंपणावरून काठी ओढत तू यायचास. पत्र्याची एकेक घडी वाजत वाजत जवळ यायची आणि आपल्या फाटकापाशी थांबायची. तात्या आतून ओरडायचे, "मास्तर, तुमचा वाजंत्री आला हो! दक्षिणा देऊन गप्प करा त्याला!" तोवर आईनं दूध तापत ठेवलेलं असायचं. तेव्हा आपल्या घरात मुलाची वेळ बघायला घड्याळ लागत नसे.

पत्रा अजून आहे, गंजलेला. आता त्यावर कुणी काठी ओढत नाही.

पत्राचं कारण असं, की बारा एप्रिलला, रविवारी, माझं सहस्रचंद्रदर्शन आहे. ऐंशी वर्षं आणि वर आठ महिने, म्हणजे हजार पौर्णिमा पाहिल्या असं धरतात. त्यातल्या निम्म्या ढगात गेल्या आणि उरलेल्यांतल्या बऱ्याच मी उत्तरपत्रिका तपासण्यात घालवल्या. पण भटजी म्हणतात, सगळ्या धरायच्या. त्या दिवशी माझ्या शेजारी मुलाचा पाट असतो. तू यायचं आहेस. हे विचारत नाही, कळवतो आहे.

श्रावणानंतर तू आला नाहीस. दिवाळीलाही नाही. दिवाळीत फोन केलास तेव्हा आवाज इतका घोगरा, की आई म्हणाली, "अगंबाई, मामंजीच बोलतायत की काय!" तेव्हापासून फोनही बंद. म्हणे, यंत्रांमुळे आवारात फोन लागत नाही, पत्र लिहा. मला काय, मला पत्रं आवडतातच. पण पत्रातही तुझं पालुपद एकच, वेळ नाही. आमच्या पेन्शनरांच्या कट्ट्यावर हसतात रे. म्हणतात, मास्तरांचा मुलगा वेळेच्या कारखान्यात मोठा साहेब आणि त्यालाच वेळ मिळत नाही.

चौथीच्या वर्गाला मी स्नेहसंमेलनासाठी करून दिलेलं गाणं आठवतं का तुला? तू म्हटलं होतंस.

थांब जरा रे थांब दिवसा, डोंगराआड जाऊ नको,
खेळ आमुचा अर्धा झाला, दिवा एवढ्यात लावू नको.

आजकाल संध्याकाळी अजिंक्यताऱ्यामागे ऊन उतरायला लागलं की मीच ते स्वतःशी म्हणतो.

ये.
बाबा


सांगली
११ फेब्रुवारी २०२६

ती. बाबांस,
साष्टांग नमस्कार.

पत्र मिळालं. परत परत वाचलं. पत्र्याचं वाचून हसू आलं. तात्या अजून तसेच ओरडतात का हो? त्यांना माझा नमस्कार सांगा. त्यांच्या परसातल्या पेरूंची फार आठवण येते.

कट्ट्यावर नीट सांगता यावं म्हणून लिहितो. आमची कालविस्तार कंपनी वेळ बनवत नाही, ताणते. एक मोठी खोली आहे, कामगार तिला लांबखोली म्हणतात. दार लावून यंत्र सुरू केलं की बाहेर सकाळची संध्याकाळ होईपर्यंत आत तीन महिने जातात. तासगावची द्राक्षं सकाळी आत ठेवली, की चहाच्या वेळेला बेदाणा बाहेर. हळदही तशीच वाळते. सध्या हंगाम आहे, ट्रकांची रांग फाटकाबाहेर मुख्य रस्त्यापर्यंत गेली आहे. पुढच्या वर्षी क्लासवाल्यांसाठीही अशा खोल्या बांधायचं घाटतंय. परीक्षेच्या आधी मुलांना आत बसवायचं, म्हणजे अभ्यासाला हवा तेवढा वेळ.

एप्रिलमध्ये मला निघता येणार नाही. पाटावर धवलला बसवा. पुतण्या म्हणजे मुलासारखाच.

आईला एक विचारा. गुडघ्यांना ती जे तेल लावते, त्यात निर्गुडीबरोबर आणखी काय घालते? आणि कोमट करून लावायचं की तसंच?

काळजी घ्या.
शौनक


सातारा
१८ फेब्रुवारी २०२६

शौनक,

तात्यांना नमस्कार सांगू? कुठे जाऊन सांगू? संगम माहुलीच्या घाटावर? गेल्या श्रावणात तिथे त्यांना अग्नी कुणी दिला? त्यांना मूलबाळ नव्हतं म्हणून खांद्यावर मडकं घेऊन कोण फिरलं? पावसाची झिमझिम होती, तुझा सदरा अंगाला चिकटला होता आणि परतताना रिक्षात माझ्या खांद्यावर डोकं ठेवून तू लहान मुलासारखा रडलास. त्याला सहा महिने झाले. सहा! आणि तू त्यांच्या पेरूंची आठवण काढून खुशाली विचारतोस?

मी हे पत्र आईला मोठ्यानं वाचून दाखवत होतो. त्या ओळीपाशी आलो आणि चष्म्याचं निमित्त करून थांबलो. तिला म्हटलं, "अक्षर लागत नाही." ते मात्र खोटं नव्हतं. तुझं अक्षर हल्ली दाण्यांमागे धावणाऱ्या कोंबड्यांसारखं इकडेतिकडे पळतं. मास्तराचा मुलगा!

आणि गुडघ्यांचं तेल? सेहेचाळिसाव्या वर्षी? आम्ही दोघं भिंत धरून न्हाणीघरात जातो म्हणून ही थट्टा का? आई भोळी. तिनं लगेच निर्गुडी, तिळाचं तेल, लसूण, ओवा कढवून बाटली भरली आणि "कोमट करूनच लाव म्हणावं" असं तीनतीनदा सांगितलं. ती बाटली धवलच्या ओळखीच्या गाडीवाल्याबरोबर पाठवतो आहे. माझ्या मनावर असतं तर पाठवली नसती.

क्लासवाल्यांबद्दल लिहिलंस ते वाचून माझं डोकंच फिरलं. तीस वर्षं मी मुलांपुढे उभा राहिलो. मधल्या सुट्टीत आवळे झोडपायचे, डबे पळवायचे, मग धापा टाकत वर्गात येऊन कविता म्हणायची, ह्याला मूलपण म्हणतात. ते खोलीत कोंडून वाळवणार तुम्ही? बेदाण्यासारखं? कुणाच्या डोक्यातून निघालं हे? तुझ्या नसेल तर तसं लिही. तुझ्या असेल तर लिहू नकोस.

पाटावर धवल बसणार नाही. पाट रिकामा राहील. जमलेली माणसं बघतील.

बाबा


सांगली
२६ फेब्रुवारी २०२६

बाबा,

तात्यांचं विसरलो. त्याला क्षमा नाही, मी मागतही नाही. पण थट्टा केली नव्हती. तेल मिळालं. आईला सांगा, कोमट करूनच लावतो.

आता थोडं माझंही ऐका, कारण तुमचं पत्र वाचून मलाही राग आला आहे आणि तो गिळायची ताकद राहिलेली नाही.

ते गाणं मी म्हटलं तेव्हा तुम्ही पडद्याच्या कडेला उभे राहून ओठ हलवत होतात. तुमचे डोळे भरले होते. मी नऊ वर्षांचा होतो. त्या रात्री अंथरुणात ठरवलं, बाबांसाठी दिवस थांबवायचा. एवढ्याशा पोराला असलं गाणं शिकवू नये, बाबा. पुढचं सगळं शिक्षण, सगळी धडपड त्या दोन ओळींची आहे. आणि मी थांबवला. लांबखोलीत दिवस खरंच थांबतो. खेळ संपला तरी थांबतो. जेवण होतं, झोप होते, पुन्हा जेवण, पुन्हा झोप. दिव्यांचा उजेड तसाच. आत चंद्र नसतो. तुम्ही हजार पौर्णिमा उत्तरपत्रिका तपासत घालवल्यात, पण निदान त्या खिडकीबाहेर होत्या.

यंत्र आपलं आपण चालत नाही, हे कंपनीच्या जाहिरातीत नसतं. कुणीतरी आत बसून ते राखावं लागतं. मध्येच बंद पडलं तर आतला सगळा माल सडतो. पूर्वी पाळीपाळीनं पोरं जायची. आता तसं नाही. कसं आहे ते विचारू नका.

मी व्यवस्थापकांकडे रजा मागितली होती. तुमच्या कार्यक्रमासाठीच. ते हसून म्हणाले, "घ्या की साहेब, महिनाभर घ्या! आतली घ्या." म्हणजे लांबखोलीतच खाट टाकून महिनाभर लोळायचं आणि बाहेरच्या घड्याळानं संध्याकाळच्या आत पुन्हा कामावर. कंपनीत सगळ्यांना अशीच रजा मिळते. तिला आतली रजा म्हणतात. मी टेबलावरची फुलदाणी फोडली. आयुष्यात पहिल्यांदा काहीतरी फोडलं. बरं वाटलं.

क्लासवाल्यांच्या खोल्या माझ्या डोक्यातून निघालेल्या नाहीत. मी असेपर्यंत त्या होणार नाहीत. म्हणून तर इथं आहे. मी सोडून गेलो तर दुसऱ्या दिवशी सगळं सुरू होईल, आत पोरं जातील, मग त्याहून लहान पोरं.

मी थोडा पिकलो आहे. तुम्हाला बघवणार नाही, हेही एक कारण आहे. आईला एवढंच सांगा, की काम आहे.

शौनक


सातारा
४ मार्च २०२६

शौनक,

अच्छा. म्हणजे केस पिकले म्हणून आईबापांसमोर यायची लाज वाटते! अरे, मेहंदी लाव, काळं लाव. पोवई नाक्यावरचा न्हावी सत्तरीच्या म्हाताऱ्यांना नवरदेव करून सोडतो. श्रावणातच कानशिलांवर पांढरं आलं होतं, तेव्हाच आई म्हणाली, "ह्याच्याकडे बघायला कुणी नाही." लग्न करायच्या वयात यंत्राशी केलंस, आता तिथंच म्हातारा हो.

आणि दोष माझ्या गाण्याला? वा! त्या वर्गात चाळीस मुलांनी ते पाठ केलं होतं. त्यातला एक आज ट्रॅक्टरचे सुटे भाग विकतो, एक पलटणीतून सुभेदार होऊन आला, एकीचं वडूजला पोळी-भाजी केंद्र आहे. त्यांतल्या कुणीही सूर्य धरून ठेवायचा कारखाना काढला नाही. कविता म्हणायची असते, गाढवा. ती यंत्रात घालायची नसते.

तो तुझा व्यवस्थापक मला एकदा भेटव. आतली रजा म्हणे! माझ्या हाताखाली असता तर बाकावर उभा केला असता.

तुझं ऐकून घेतलं. राग गेलेला नाही. बारा एप्रिल.

बाबा


सातारा
१९ मार्च २०२६

शौनक,

आज पाडवा. गुढी आईनं उभारली, माझा हात पोचत नाही. कडुनिंब खाल्ला.

पंधरा दिवस झाले, उत्तर नाही. तिकडे पंधरा दिवस म्हणजे किती होतात, ते तुलाच ठाऊक.

बाबा


सांगली
५ एप्रिल २०२६

गुरुजी, रामराम.

म्या चंद्राबाई. तुमच्या शौनक सायबांच्या कंपनीत खानावळ बघते, भाकऱ्या थापते. आमचं मालक पलटनीत हुतं, ते गेलं. मूळचं आमी वडूजकडचं. पोरगा जयराज हितंच कामाला हाय, त्योच ह्ये लिवतोय. त्यो मधी मधी शुद्ध कराय बघतोय, म्या म्हनलं, मुडद्या, म्या बोलते तसंच लिव, मास्तर आसलं तरी मला न्हाई भीत म्या.

आवं, तुमी एवढं शिकल्यालं, आन् म्हाताऱ्या मानसाला आसं लिवतंय व्हय कुनी? केसाला काळं लाव म्हनं! केस हाईत कुटं लावाय? तुमचं पत्र आलं की सायब जेवताना वाचत्यात. त्या दिशी भाकरी तशीच ताटात ऱ्हायली. म्या इचारलं, काय झालं? तर म्हनले, काय न्हाई, बाबा रागावल्यात. आन् हसले. मला त्ये हसनं बघवलं न्हाई. पत्राचं उत्तर लिवाय बसले तर त्येंचंच त्येंना अक्षर लागंना, कागद फाडून टाकला.

तुमाला समदं ठावं आसंलच म्हनून बोलते. दिवाळीच्या आदी माज्या जयराजची पाळी हुती. सकाळी आत गेला, सांजंला भाईर आला तर दाढी वाढल्याली, डोळं खोल. घरी गेला तर त्येची बारकी ल्येक त्येला बघून वरडली, आईच्या मागं लपली. दोन दिस जवळ आली न्हाई. सायब खोलीवर आले हुते, त्येंनी ह्ये बघितलं. दुसऱ्या दिशी समद्या पोरास्नी सांगितलं, आजपास्नं आत कुनी जायाचं न्हाई, माज्या मागं कुनी रडनारं न्हाई, म्याच जानार. तवापास्नं रोज तेच जात्यात. सकाळी म्या शिदा बांधून देते. सांजंला येत्यात आन् म्हनत्यात, चंद्राबाई, तुमच्या हातचं खाऊन लय दिस झालं. सकाळीच तर खाल्लं हुतं! म्या चुलीकडं तोंड करून रडते.

आता जिना चढाया जयराजचा हात धरत्यात. आन् कंपनीवालं म्हनत्यात, आमच्या दप्तरी सायब सेहेचाळीस वर्साचंच हाईत, लय कामाचं हाईत.

मागं कुनी रडनारं न्हाई म्हनले त्ये. तुमी हाय का न्हाई? का निस्त्या शिव्याच देता?

परवापास्नं पोरांनी काम बंद पाडलंय. खोलीला भाईरनं कुलूप घातलंय, किल्ली माज्या पिठाच्या डब्यात हाय. म्यानेजर आला हुता किल्ली मागाय, त्येला म्या उलथनं दाखवलं. सायबास्नी सांगितलंय, घरला जावा, आईबापाला भेटा, न्हाईतर हितं जेवान न्हाई. त्ये म्हनत्यात, कुटल्या तोंडानं जाऊ, आईनं वळखाय तर पायजे. म्या म्हनलं, आई हाय ती, वळखंल.

राग आला आसंल तर माज्यावर काडा. त्येंच्यावर नगं.

चंद्राबाई


सातारा
१२ एप्रिल २०२६, दुपार

शौनक,

कार्यक्रम झाला. भटजींनी चांदीचं चंद्रबिंब ताम्हनात ठेवलं होतं. आईनं आणि शेजारच्या बायकांनी मला ओवाळलं, धवलच्या मुलांनी फोटो काढले. सगळ्यांची जेवणं झाली, माणसं गेली. तुझा पाट मी उचलू दिला नाही. खिडकीशी बसून लिहितो आहे आणि तो मला इथून दिसतो.

तुझ्या त्या चंद्राबाईचं पत्र आलं. मी ते आईला दाखवलेलं नाही. माझ्या शब्दकोशाखाली आहे. काय बाई आहे! मला, एवढ्या वयाच्या माणसाला, उलथन्याच्या भाषेत झापते. आणि हे म्हातारा-म्हातारा काय लावलं आहे तिनं? म्हातारा मी आहे. आज भटजींच्या साक्षीनं झालो. एका घरात दोन म्हातारे कसे असतील, बाप आणि लेक? अडाणी बाई, काहीतरी ऐकते आणि काहीतरी सांगते. कामानं थकला असशील. वाकला असशील थोडा. दिवसाला तीन महिने, आणि दिवाळीपासून... मी मराठी शिकवत होतो, गणित माझा विषय नव्हे. मी ते गणित करणार नाही. चार दिवस हिशेबाची वही समोर आहे, मी ती उघडलेली नाही.

कंपनीनं आज गुच्छ पाठवला. सोबत छापील कार्ड, "सहस्रचंद्रदर्शनानिमित्त मातापित्यांना कालविस्तारतर्फे एका पूर्ण दिवसाची भेट", म्हणजे लांबखोलीत येऊन आम्ही दोघांनी तीन महिने मजेत राहावं. सांगलीला जाण्यायेण्याचा प्रवास फुकट! मी तो गुच्छ सगळ्या पाहुण्यांसमोर फाटकाबाहेर भिरकावला. हात दुखतो आहे. माझ्या मुलाचे दिवस घ्यायचे आणि मला एक दिवस भेट द्यायचा! मी उद्या येतो सांगलीला. धवल नाही आला तर एसटीनं येतो. त्या व्यवस्थापकाला त्याच्या टेबलासमोर उभा करतो, आणि तुला हाताला धरून घरी आणतो, तू कितीही साहेब असलास तरी, केस असले काय आणि नसले काय, मला

पत्र्यावर काठी वाजते आहे.

सुट्टी लागली, गल्लीतली पोरं मोकाट सुटलीत. पण पोराची काठी अशी वाजत नाही. पोर पळतं. ही थांबत थांबत येते आहे. एक घडी. मग धाप लागल्यासारखी गप्प. मग पुढची घडी.

फाटकाशी थांबली.

कुणी वृद्ध गृहस्थ आहेत. पार वाकलेले, माझ्याहून थकलेले. टकलावर ऊन चमकतं आहे. बरोबर एक तरुण आहे, त्यानं दंडाला धरलं आहे. चेहरा ओळखीचा वाटतो, माझ्या वडिलांच्या शेवटच्या दिवसांतल्या फोटोसारखा, पण ह्या दुपारी उन्हात असं वाटायचंच. कार्यक्रमाला उशिरा आलेलं कुणी असेल. आई निरांजनाचं तबक घेऊन बाहेर गेली आहे. वडीलधाऱ्यांना वाकायची तिला भारी हौस. तबक कट्ट्यावर ठेवलं, पदर खांद्यावरून घेतला, वाकली.

गृहस्थांनी तिला वाकू दिलं नाही. काठी टाकून दिली. तिचे दोन्ही हात धरलेत.

हा म्हातारा तिला आई म्हणतो आहे.